चहा दोघींपुरताच

१९ जानेवारी २०२५

फुमिको बाईंचं नव्या वर्षाचं कार्ड आलं. यंदा साप. जपानात बारा वर्षांचे बारा प्राणी, दरवर्षी एक. माझ्याकडचा हा तिसरा साप. २००१ चा पहिला काय ठाम हातानं काढला होता. यंदाची रेघ थरथरलीय. बाई त्र्याऐंशीच्या झाल्या.

प्र. म्हणाला, "नवीन वर्षाच्या शुभेच्छा म्हणून कोणी साप धाडते काय वं?" रिटायर झाल्यापासून सकाळचा चहा आणि फालतू विनोद, दोन्ही खाती नवऱ्याकडे.

सोबत दोन पानी पत्र. येन पडला आणि सगळं जग क्योटोला निघालं, म्हणतात. त्यांच्या गल्लीच्या तोंडाशी टोफूवाला होता, तिथं आता किमोनो भाड्यानं देतात. दोन्ही बाजूंची घरं विकली गेली, टूरिस्टांची लॉज झाली. दिवसभर बॅगांच्या चाकांची खडखड. दवाखान्याची बस थांब्यावर येते तीच भरून, म्हणून बाई चालत जातात. पुढे लगेच: गावाचं भलं होतंय, भाच्यानं नवी टॅक्सी घेतली, मी बोलू नये.

चालत. त्या गुडघ्यांनी.

३ फेब्रुवारी

बंडूभाऊंचा फोन. रामदासपेठेत त्यांचं टूरचं ऑफिस. एप्रिलमध्ये जपान, साकुराची फुलं, बावीस माणसं. "ताई, तुमाले जपानी येते, तुमीच चाला. लीडर म्हणून." मी लगेच हो म्हटलं. भाव खायचाही विसरले.

सत्तावीस वर्षं जपानी बोलते, जपान पाहिलं नाही. बाईंचा नवरा गेला त्या वर्षी त्या दीक्षाभूमी बघायला म्हणून आल्या आणि दोन हिवाळे इथंच राहिल्या. विहाराच्या हॉलमध्ये आम्हा अकरा मुलींना फुकट शिकवलं. दहा गळल्या, मी चिकटले. त्यावर पुढे वीस हिवाळे जपानी यात्रेकरूंची दुभाषी म्हणून पोट भरलं. मग ते म्हातारे होत गेले, ग्रुप लहान होत गेले, आणि करोनानंतर कोणी आलंच नाही. आता त्यांना प्रवास परवडत नाही आणि आमच्याकडचे उठून तिकडे निघालेत. पाण्यानं उलटं वाहावं तसं.

बाईंना पत्र टाकलं. ६ एप्रिल, दुपार मोकळी आहे. येऊ का?

१२ मार्च

उत्तर आलं. चार ओळी. "ये. पण एकटी ये. चहा दोघींपुरताच करीन. तुझ्या आईनं दिलेली साडी अजून आहे, ती दाखवीन."

आईनं १९९९ मध्ये त्यांना जाताना साडी-चोळी दिली होती, लेकीला देतात तशी. आईला जपानी येत नव्हतं, बाईंना मराठी येत नव्हतं. दोघी अंगणात संत्री सोलत बसायच्या. जपानला पोचल्यावर बाईंचं पहिलं पत्र आलं, त्यात होतं: नागपूर माझं माहेर. शब्द माझ्याकडूनच शिकल्या होत्या. आईनं ते पत्र गल्लीभर वाचून दाखवायला लावलं.

आई हवी होती आज.

३ एप्रिल, तोक्योजवळ, बसमध्ये

फुलं आहेत. माणसं त्याहून जास्त आहेत. आमची बावीस धरून.

ग्रुप चांगला आहे. पहिल्या दिवशी पोळी कुठाय, दुसऱ्या दिवशी वरण कुठाय, आज निमूट भात खातायत. पुढाकार वर्षाताईंचा. इतवारीत भांड्यांचं मोठं दुकान, मन त्याहून मोठं, आवाज सगळ्यांत मोठा. सकाळी सगळ्यांना चिवडा वाटून झाल्यावर मला म्हणाल्या, "ताई, रस्ता लांब हाय, काई सांगा ना."

मी बाईंची गोष्ट सांगितली. विहार, अकरा मुली, आई, साडी, माहेर. जरा रंगवूनच. बस अगदी चूप होऊन ऐकत होती, मला ते फार आवडलं.

सांगायला नको होतं का? लिहून ठेवते, बास.

७ एप्रिल, सकाळ, ओसाकाच्या वाटेवर

काल लिहिणं झालं नाही.

दुपारी सगळ्यांना बाजारात सोडलं आणि निघाले. दहा पावलं गेले नसेन, वर्षाताई मागून. "कुठं चालल्या एकट्या?" मला खोटं सुचेना. (पुढे सुचलं. त्याची लाज आहे.) म्हटलं, बाईंकडे. झालं. "एकट्या काहून जाता? तुमच्या आईची लेक ते, मंग आमची कोन? चाला वो सगळे." मी म्हटलं, म्हाताऱ्या आहेत, त्यांनी एकटीलाच बोलावलंय. "हाव, भिडस्त लोक हायेत ते. आपन दोन मिंट पाया पडू, निंघू."

नाही म्हणायला हवं होतं. एवढंच वाक्य शंभर वेळा लिहावं, शाळेत लिहायला लावायचे तसं.

गल्लीच्या तोंडाशी चार भाषांत बोर्ड. खाजगी रस्ता, आत येऊ नये, फोटो काढू नयेत. वर्षाताई म्हणाल्या, "आपल्यासाठी नसन तो. हिंदीत कुठं लिवलं हाय?" सगळे हसले. मीही.

गल्ली एवढी अरुंद की दोघं शेजारी चालणार नाहीत. बावीस माणसं एकामागे एक, हातात चिवड्याची पाकिटं, संत्रा बर्फीचे डबे. रिकाम्या हातानं जायचं नाही ना कोणाकडे. वर्षाताईंनी पितळेचा गडवा आणला होता. म्हणजे येणार हे बसमध्येच ठरवलं होतं तर.

बेल वाजवली. बाईंनी दार अर्धं उघडलं. खांद्यावर आईची साडी, शालीसारखी घडी करून. मला पाहून हसल्या. मग माझ्या मागं पाहिलं.

हसू गेलं नाही, नुसतं थांबलं. समोरच्या घराचा पडदा हलला. बाई अगदी हळू, अगदी मऊ शब्दांत म्हणाल्या, "करुणा-सान, यांना परत घेऊन जा. तो बोर्ड मी लावायला लावलाय. घरोघरी जाऊन सह्या मीच मागितल्या. मला या गल्लीत तोंड दाखवायचंय."

मागून वर्षाताई, "काय म्हन्ते? काय म्हन्ते आजी?" बावीस तोंडं माझ्याकडे. फोन वर.

मी मराठीत म्हणाले, "बाई म्हणतात, नागपूर माझं माहेर आहे. तुम्ही माझी माहेरची माणसं."

वाक्य त्यांचंच होतं. पण पंचवीस वर्षांपूर्वीचं.

वर्षाताई रडायलाच लागल्या. गडवा बाईंच्या हातात दिला आणि त्यांना मिठी मारली. बाई लाकडासारख्या उभ्या. कोणी पाया पडलं, कोणी टाळ्या वाजवल्या. बाई कमरेत वाकल्या, एकदा, दोनदा, बावीसजणांना. मग माझ्याकडे न बघता दार लावून घेतलं. दाराच्या फटीतून दोन पेले मांडलेले दिसले होते.

त्यांना कळलं. मराठी येत नाही, पण माहेर हा शब्द त्यांना येतो.

हॉटेलातून फोन केला. वाजत राहिला.

२२ एप्रिल, नागपूर

तो व्हिडिओ सगळीकडे. खाली माझं भाषांतर ठसठशीत अक्षरांत. भाजीवालीनं ओळखलं. "तुमीच का वो ते माहेरवाल्या?" कोथिंबीर जास्त घातली.

प्र.ला सगळं सांगितलं. विनोद केला नाही. म्हणाला, "काहून केलं असं?" म्हटलं, माणसांचा हिरमोड नको. मग खरं सांगितलं. मला ऐकायचं होतं ते. एवढी वर्षं वाट बघून गेले, दारात मला तेच ऐकायचं होतं.

१८ मे

विहारात सत्कार. बाई जिथं शिकवायच्या तोच हॉल, फळा आता नाही. ताप आहे म्हणून टाळणार होते, महिला मंडळाच्या दोघी रिक्षा घेऊन दारात. शाल घेतली. "भाषेनं माणसं जोडली" असं कोणीतरी बोललं. खाली बघून ऐकून घेतलं.

९ जून

बाईंना पत्र. सहा वेळा फाडलं. जपानीत माफी मागायचे किती प्रकार आहेत, हलक्यापासून जडपर्यंत. सगळे बाईंनीच शिकवलेले. सगळ्यात जड तो वापरला. खाली स्वच्छ लिहिलं: तुम्ही काय म्हणालात आणि मी काय सांगितलं. पोस्टात टाकलं.

३० ऑगस्ट

उत्तर नाही.

१६ ऑक्टोबर

उत्तर नाही. दसऱ्याला दीक्षाभूमीवर यंदा दोन जपानी दिसले, तरुण. मी पुढे होऊन बोलले. त्यांनी नम्रपणे ऐकलं आणि फोन तोंडापुढे धरला. फोनमधल्या बायकी आवाजानं मला छान हिंदीत सांगितलं की मदतीची गरज नाही. म्हणजे भाषांतर उत्तम होतं.

५ डिसेंबर

बंडूभाऊंनी पुढच्या एप्रिलचं पत्रक पाठवलं. दोन बस. पाचव्या दिवशी: "क्योटो — जपानी आजीची गल्ली. नागपूरकरांचं जपानमधलं माहेर. आजींची भेट व फोटो." सोबत व्हिडिओतलं बाईंचं चित्र, वाकलेल्या. वाकलं की त्यांच्यात मान असतो, पण चित्रात त्या फक्त लहान दिसतात.

प्र. म्हणाला, "आता तरी सांग वं. का तिच्या दारात रोज बस लावशील?"

सांगते. सांगते.

२१ जानेवारी २०२६

यंदा घोडा. कार्ड अजून नाही. दरवर्षी एव्हाना येतं. पोस्टमन दिसला की मी बाल्कनीत. तोच ओरडून सांगतो, "नाई आलं वो ताई."

बरं नसेल का? गल्ली सोडली असेल का? की फक्त मला नाही?

२४ जानेवारी

गेले रामदासपेठेत. बंडूभाऊंना समोर बसून सांगितलं. बाई "परत घेऊन जा" म्हणाल्या होत्या, माहेर वगैरे माझ्या पदरचं. वर्षाताईही नेमक्या तिथं, या वेळी बहिणीला नेतायत.

बंडूभाऊ हसले. कुत्सित नाही, समजूत घालावी तसे. "अवो ताई, बुढी मानसं पयले नको नकोच म्हन्ते. मंग चहा पाजते. आपल्या आज्या नाई का? अन् लोकाईनं तेच बघून बुकिंग केलं, आता कसं काढू?"

मी म्हटलं, मग मी येणार नाही.

"नका येऊ. आता फोन करते भाषांतर."

वर्षाताई मात्र हसल्या नाहीत. पत्रकातल्या बाईंच्या चित्रावर बोट ठेवलं. मग म्हणाल्या, "मी गळ्यात पडली वो तिच्या." एवढंच. उठून गेल्या. त्यांनी बुकिंग रद्द केलं का, विचारायचा मला धीर झाला नाही.

निदान फोन खोटं सांगणार नाही. बाई जे म्हणतील तेच त्या मोठ्या आवाजात गल्लीभर ऐकू जाईल. बाईंच्या तोंडून निघालेलं "परत जा", ऐंशी माणसांसमोर. हे जास्त वाईट की माझं, ठरत नाही.

२७ जानेवारी

काल पोस्ट बंद. आज सकाळी लिहिलं, एकदाच, न फाडता.

"बाई, ११ एप्रिलला दुपारी तीनच्या सुमारास नागपूरची माणसं पुन्हा तुमच्या दारात येतील. मी त्यांच्यात नसेन. थांबवायचा प्रयत्न केला, जमलं नाही. कृपा करून त्या दिवशी घरी राहू नका."

जिनं मला भाषा दिली, तिला त्याच भाषेत लिहिलं की तुझ्याच घरातून एक दिवस निघून जा. कुठं जाईल? बसमध्ये जागा नसते.

प्र. सोबत पोस्टात आला. काउंटरवरच्या मुलीनं पाकीट उलटंपालटं केलं, म्हणाली, "पंदरा-वीस दिवस धरा काकू. पोचन." प्र.नं विचारलं, तिकडून काही आलंय का आमच्या नावाचं. तिनं मागे जाऊन गठ्ठा बघितला, दोनदा बघितला.

घोडा नव्हता.