टाचणी बोथट आहे

धुकेमास ३. सकाळ.
संकल्प: या महिन्यात ट्रान्सफरचा अर्ज देणे. बायकोने काल स्पष्ट सांगितलं की महिनाअखेरपर्यंत दरीवरची नोकरी सोडली नाही, तर ती लेकीला घेऊन माहेरी जाईल. काळजीचं कारण नाही. महिना तीस दिवसांचा आहे.

दरीबद्दल लोक उगाच बोलतात. म्हणे सुन्नदरी. तळ कुणी पाहिलेला नाही, आणि आतून जी राखाडी वाफ येते ती अंगावर घेतली की आधी बोटं बधिर होतात, मग मन. माझ्या आधीचा नोंदकारकून एके दिवशी जेवला, डबा धुऊन ठेवला आणि शांतपणे कठडा ओलांडून गेला. माझं तसं नाही. मी मुळातच हळवा.

धुकेमास ५.
नियम असा, की वाफेची उंची मोजण्याआधी अंगठ्याला टाचणी टोचायची. दुखलं तर काम. नाही दुखलं तर थेट घर, पंधरा दिवस सक्तीची रजा. आज टोचली. दुखलं नाही. टाचणी बोथट आहे. रजा घेतली तर चार वर्षांच्या अखंड हजेरीचा रेकॉर्ड मोडेल. रजिस्टरमध्ये 'दुखले' लिहिलं. स्टोअरकडे तक्रार.

धुकेमास ८.
नव्या टाचण्या आल्या. स्टोअरकीपरने माझ्यासमोर स्वतःला टोचून दाखवली आणि केवढ्यानं ओरडला. माणूस नाटकी. मी तीन टोचल्या. याही बोथट. सगळा लॉटच खराब. घरी सांगितलं तर बायको म्हणाली की तुमची कातडी गेंड्याची झाली आहे. कौतुकाने म्हणाली असावी.

धुकेमास ११. संध्याकाळ.
लेक जिन्यावरून पडली. गुडघा फुटला, रक्त बरंच. अजिबात न घाबरता पट्टी बांधली. गाठ उत्तम बसली. शेजारीण म्हणाली की काय धीराचा माणूस. बायकोने विचारलं की पोटात कालवाकालव झाली नाही का. मी म्हटलं, गुडघा माझा नव्हता. बायको जेवली नाही. तिचं पोट बिघडलं असेल.

धुकेमास १२.
संकल्प: घरात माया दाखवणे. रोज सहा ते सहा वीस. आजच सुरुवात. लेकीला मांडीवर घेतलं, केसांतून हात फिरवला. सहा वाजून चार मिनिटांनी तिने विचारलं की झालं का. सांगितलं की अजून सोळा मिनिटं आहेत. बसून राहिली. गुणी पोर.

धुकेमास १९.
अर्ज लिहायला बसलो. 'बदलीचे कारण' हा रकाना भरता येईना. मला तर काहीच त्रास नाही. सरकारी कागदावर खोटं कसं लिहिणार? अर्धवट अर्ज घेत नाहीत, म्हणून ड्रॉवरमध्ये ठेवला.

धुकेमास २३. दुपार.
किरकोळ घटना. वाफ नीट दिसावी म्हणून एक पाय कठड्यापलीकडे टाकला. स्टोअरकीपरने मागून कॉलर धरून ओढलं. त्याचं म्हणणं, मी तसा दीड तास होतो आणि हाका मारून त्याचा घसा बसला. मला पाचेक मिनिटं वाटली. कॉलर फाटली. तो जमिनीवर बसून रडत होता. म्हटलं ना, नाटकी. वर हे सगळं माझ्या घरी जाऊन सांगून आला. चोंबडा.

धुकेमास २९.
बायकोने ट्रंक भरली. गाडी चारची. निघताना म्हणाली की अर्जबिर्ज राहू द्या. स्टँडवर या आणि भांडा, ओरडा, रडा, काहीही करा, मी गाडीतून उतरेन. म्हणजे मामला सोपा होता. रडायचं ठरवलं. आरशासमोर वीस मिनिटं प्रॅक्टिस केली. ऐनवेळी दगा नको म्हणून अर्धा कांदा रुमालात घेतला.

स्टँडवर डोळ्यांना धारा लागल्या. झकास. बायको खरंच उतरली. दोन्ही हातांनी माझा चेहरा धरला, तीही रडायला लागली. लेकीने फ्रॉकने माझे डोळे पुसले आणि म्हणाली की बाबांना कांद्याचा वास येतोय. बायकोने रुमाल उघडून पाहिला, घडी घातली आणि परत माझ्या खिशात ठेवला. लेकीला घेऊन परत गाडीत चढली. गाडी वेळेवर सुटली.

धुकेमास ३०.
साहेबांनी डॉक्टर बोलावले. चुगली स्टोअरकीपरचीच. दोन तास चटके, चिमटे, प्रश्न. रिपोर्ट: काहीही शिल्लक नाही. मला वाटलं, गेला रेकॉर्ड. पण साहेबांनी अभिनंदन केलं. ज्याच्यात काही उरलंच नाही, त्याचं दरी काय वाकडं करणार? असा माणूस ऑफिसला चाळीस वर्षांत मिळाला नव्हता म्हणे. बढती. कायम नेमणूक. क्वार्टर कठड्यालगत, कमरेला साखळी ऑफिसतर्फे.

बायकोला कळवायला तारऑफिसात गेलो. मजकूर: बढती झाली, आता कायम इथेच. तारेच्या फॉर्मवर दोन चौकोन असतात, आनंदाची बातमी आणि दुःखाची बातमी. एकात खूण करावी लागते. बराच वेळ उभा राहिलो. मागे रांग झाली. शेवटी खिडकीतल्या बाईंनाच विचारलं की ही कशात येते. त्यांनी मजकूर वाचला, माझ्याकडे पाहिलं आणि दुःखाच्या चौकोनात खूण केली.

असेल. त्यांना रोजचा अनुभव.