म्हणणं ऐकून घेतलं

सोमवार, ४ मार्च. सकाळी ११.
टेंडर भरायला बसलो. नव्या शाळेचं कंपाउंड. वीस वर्षं भिंती बांधतोय, हे काम आपलंच. कॉम्प्युटर म्हणतो, 'आपली संस्था काळ्या यादीत आहे.' हसलो. मशीनच ते. बायकोला म्हटलं, जेवायच्या आत निस्तरून येतो.

सायं. ६.
निस्तरलं नाही. जेवणही राहिलं. बांधकाम खात्यातला क्लार्क म्हणाला, तुम्ही बांधलेली दवाखान्याची भिंत कलली म्हणून नोटीस काढली होती, तुम्ही उत्तरच दिलं नाही. देणार कसं? नोटीस जुन्या गाळ्याच्या पत्त्यावर गेली. तो सोडून दोन वर्षं झाली. पत्ता बदलल्याचं कळवलं होतं का, असं त्याने विचारलं. कळवणारच होतो.
शिवाय भिंत कलली आहे, पडलेली नाही. कललीसुद्धा खात्याने पाइपसाठी पायाला लागून चर खणला म्हणून. फोटो आहेत माझ्याकडे.

गुरुवार, ७ मार्च
बायकोचा धाकटा भाऊ वकील आहे. म्हणतो, भावोजी, खात्याला एक अक्षर लिहू नका. तुमची बाजू न ऐकता यादीत टाकलं, हाच आपला हुकमाचा एक्का. सरळ कोर्टात जाऊ.
याला सायकल मी शिकवली. आता हा मला शिकवणार!
पत्र लिहिलं. 'माझं म्हणणं न ऐकताच आदेश काढलात, हा अन्याय आहे.' वाक्य झकास जमलंय. स्वतः नेऊन दिलं, पोच घेतली.

बुधवार, १३ मार्च
गवंडी आला. बारा वर्षं माझ्याकडे आहे. दुसऱ्या ठेकेदाराकडे जातो म्हणाला, पोरीचं शिक्षण चालू आहे, बसून कसं भागणार. आठवडाभर थांब म्हटलं. म्हणाला, शेठ, गेल्या आठवड्यातही हेच म्हणालात. चहा न घेताच गेला. येईल परत.

सोमवार, १८ मार्च
जिंकलो! २२ तारखेला सुनावणी. मेव्हण्याला मुद्दाम फोन केला. तो म्हणाला, मला विचारायचं तरी. जळतात लोक.
भाषण लिहायला घेतलं. आवाज चढवायचा नाही, असा निश्चय.

शुक्रवार, २२ मार्च
आरशासमोर भाषण पंचेचाळीस मिनिटं झालं होतं.
अकराला बोलावलं, साडेतीनला आत घेतलं. समोर तेच साहेब, ज्यांची आदेशावर सही. बोला म्हणाले. मी 'सन्माननीय महोदय' म्हणतोय तोच त्यांचा फोन वाजला. फोटो पुढे केले, तर न बघताच म्हणाले, फाइलला लावा. चार मिनिटांत बाहेर.
पण साहेबांनी दोनदा मान हलवली. बायकोला म्हटलं, वारं आपल्या बाजूने दिसतंय. ती म्हणाली, फोनवर हलवली असेल.

मंगळवार, २ एप्रिल
आदेश आला. 'ठेकेदाराचे म्हणणे सविस्तर ऐकून घेतले. ते समाधानकारक वाटत नाही.' काळ्या यादीत तीन वर्षं, आजपासून. गेलेला महिना धरलेला नाही.
मेव्हणा चिडला नाही. चिडला असता तर बरं झालं असतं. हळूच म्हणाला, भावोजी, त्यांच्या आदेशात एक मोठं भोक होतं. ते तुम्ही पत्र लिहून दाखवलंत, त्यांनी बुजवलं. जायचं तर कोर्टात जाऊ, पण आता फार आशा धरू नका.
बायकोने विचारलं, आता काय करायचं. बघू म्हटलं. काय बघणार, म्हणाली.
तीन वर्षांनी मी एकसष्टचा.
आज काही ठरवलेलं नाही.