हरणाबाईंची तबकडी

मिरज, ४ नोव्हेंबर १९४६
सकाळच्या गाडीने सांगलीहून आले आणि आल्या आल्या काम आवडलं. धरणेंद्र अण्णांकडे ग्रामोफोनच्या, जुन्या गाण्यांच्या तीनशेवर तबकड्या आहेत. त्या पुसायच्या, यादी करायची आणि दर गुरुवारी संध्याकाळी गावाला ऐकवायच्या. पोलादी सुईने तबकडी झिजते, म्हणून अण्णा बाभळीचा काटा तासून लावतात. मी गाते हे कळल्यावर म्हणाले, राजमतीबाई, गुरुवारी शेवटी तुम्हीच गा. मला आभाळ ठेंगणं झालं.

७ नोव्हेंबर
माझ्या गाण्याला कुणी थांबलंच नाही. सगळ्यांना तासगावच्या हरणाबाईची तबकडी पुन्हा हवी होती. तिची ही एकुलती एक, चौतीस वर्षांपूर्वीची. कारखान्यात तबकड्यांवर नावाच्या चिठ्ठ्या चिकटवताना घोटाळा नको, म्हणून तेव्हाचे गाणारे शेवटी स्वतःचं नाव सांगत. तिचं ते ठसक्यातलं "हरणाबाई, तासगाव" ऐकून अण्णांच्या डोळ्यांत पाणी आलं. माझ्या भजनाच्या वेळी मात्र ते तिची तबकडी पुसत बसले होते. नुसता जळफळाट झाला, खोटं कशाला लिहू? तोही एका मेलेल्या बाईवर.
घरकामाच्या राहीबाईने सांगितलं, हरणाबाई तबकडीत गाणं भरून आली आणि आठव्या दिवशी घसा बंद होऊन गेली. "तेवढं नावच ऱ्हायलंय बघा तिचं. दुसरं काय बी न्हाई."

१३ नोव्हेंबर
पोलादी सुई घेतली आणि तबकडीच्या शेवटच्या रेघा खरवडल्या. गाणं शाबूत ठेवलं, फक्त नाव घालवलं.

१४ नोव्हेंबर
गाणं संपलं, थोडी खरखर झाली. मग कर्ण्यातून त्याच ठसक्यात, "राजमती, सांगली." माझं नाव. लोक वळून माझ्याकडे बघू लागले. मी घाबरले, पण क्षणभर बरंही वाटलं.

१६ नोव्हेंबर
घसा धरलाय. रियाज बंद. चहा देताना राहीबाई मला हरणाबाई म्हणाली. चुकून असेल.

१८ नोव्हेंबर
अण्णाही तसंच म्हणतात. यादी उघडली. त्या तबकडीपुढे लिहिलंय राजमती — माझ्याच अक्षरात. मी लिहिलेलं नाही.

२० नोव्हेंबर
पाणी गिळवत नाही. आवाजही फुटत नाही. माझं नाव काय, ते राहीबाईला पाटीवर लिहून विचारायला गेले, तर तिला वाचता कुठे येतं? "बोलू नगा, हरणाबाई, घशाला तरास हुईल." तबकडी फोडायला उचलली — पण माझं नाव आता तिच्यातच — फोडली तर —

२१, गुरुवार
आठवा दिवस. ओसरीवर लोक जमलेत. तबकडी लागली. किती गोड गाते ही राजमती, मेली. सगळे तिच्यासाठीच आलेत, माझ्याकडे कुणी — श्वास पुरत नाही —
निदान नाव तरी इथे लिहून ठेवते. मागाहून घोटाळा नको. माझं नाव हर—