सांगानेरच्या जमिनीवरची तुझी हरकत

आई, तू जाऊन एवढी वर्षं झाली, पण त्या जमिनीवरून तुझ्याशी भांडायचं अजून राहिलंच आहे. आज ऑफिसातून आल्यापासून घरात नुसत्या येरझाऱ्या घालतेय. शेवटी लिहायला बसले.

फौजेतले बाबा गेले तरी तू साताऱ्याला परतली नाहीस. ऐंशीनंतरची ती वर्षं. सांगानेरच्या बाहेर जमीन घेऊन तू छोटा दवाखाना बांधलास. छपाईवाल्यांच्या बायका यायच्या, कोपरापर्यंत निळे हात घेऊन. शेजारच्या मोकळ्या जमिनीवर छापलेलं कापड वाळत असायचं. ती जमीन एका विधवा छपाईवालीची. मी कॉलेजात होते तेव्हा नोटीस आली: वसाहतीसाठी दोन्ही जमिनी घेणार, काम तातडीचं, म्हणून कुणाची हरकत ऐकली जाणार नाही.

तू पोळ्या लाटत होतीस. लाटणं थांबवलं नाहीस. "सरकारला जमीन लागते, घ्यावी. पण मला न विचारता? पेशंटचं पोट कापायच्या आधीसुद्धा कुठं दुखतंय ते विचारतो आपण."

"मतलब काय आई? शेवटी घेणारच ना?"

"घेतील. पण ऐकून घेतील."

त्या ऐकण्यासाठी तू हायकोर्टात गेलीस. तारखांमागून तारखा, दवाखाना बंद. ती छपाईवाली शेजारीणही यायची, घुंघट ओढून, वकिलाशीसुद्धा एक शब्द न बोलता. अखेर कोर्टानं विचारलं, योजना इतकी वर्षं पडून होती, मग आताच कसली तातडी? आधी यांचं ऐका.

सुनावणीच्या खोलीत पंखा खडखडतोय. टेबलामागचा भूसंपादन अधिकारी मान वर न करता म्हणतो, "बोलिए, डॉक्टर साहिबा." तू तुझ्या सातारी हिंदीत थोडंसंच बोलतेस. दवाखाना हलवता येईल, म्हणतेस! मी हादरते, हे आपलं ठरलं नव्हतं. मग शेजारणीला पुढं बसवतेस. "अब इनकी सुनिए."

ती घुंघट आणखी पुढं ओढते. अधिकारी वैतागतो, "इनका भी आप ही बता दीजिए."

"जी नहीं. जमीन इनकी है."

घुंघटाआडून आवाज येतो, आधी घोगरा, मग स्पष्ट. "साहबजी, कपड़ा सुखाने की जगह गई तो पूरे मोहल्ले की छपाई गई. हम कहाँ जाएँगे?" तेव्हा कुठे तो मान वर करतो.

तिची जमीन वगळली. आपली गेली. भाड्याच्या खोलीत दवाखाना मांडताना मी तुझ्यावर ओरडले, "तू आपली हरकत नीट मांडलीच नाहीस!"

"मांडली की. मला विचारल्याशिवाय घेऊ नका, एवढीच तर होती."

मला ते कधीच पटलं नाही. आणि आता त्या टेबलामागे मीच बसते. आज एक म्हातारा आला होता, नव्या रस्त्यासाठी त्याची जमीन जाणार आहे. विहिरीबद्दल बोलला, गेलेल्या मुलाबद्दल बोलला. मी मध्ये तोडलं नाही. जाताना हात जोडून म्हणाला, "आपने सुन लिया मैडम, मन हलका हो गया."

हा कागद कुठे जाणार नाही, म्हणून सांगते. तो खोलीत येण्याआधीच त्याची जमीन घ्यायचं माझं ठरलेलं होतं. उद्या त्याला परत बोलवावं म्हणते. पण कशाला बोलावलं असं त्यानं विचारलं, तर काय सांगू?