सेव्ह द डेट कार्डावरचा पत्ता

२ नोव्हें., रवि.
मीनलच्या लग्नाची कार्डं आली. नमुना तिनेच पुण्याहून पाठवला, छापलं इथल्या गोल बाजारातल्या हिंदी कार्डवाल्याने. पत्रिका नाही ही. पत्रिका जानेवारीत. हे नुसतं ‘सेव्ह द डेट’, म्हणजे ८ फेब्रुवारी मोकळी ठेवा. खाली वेबसाइटचा पत्ता आणि तो काळा-पांढरा चौकोन. मोबाइल धरला की लग्नाची सगळी माहिती.
सुमन म्हणे, “आवतन आता मोबाइल देते काय? मग आपण कायले हावो?”
मलाही पटलं नव्हतं. पण वेबसाइट उघडून पाहिली. छान केली आहे पोट्टीने. सकाळी विहारात मंगल परिणय, संध्याकाळी शंकर नगरच्या लॉनवर स्वागत समारंभ. वधूचे आईवडील म्हणून आमची दोघांची पूर्ण नावं. वर साक्षगंधाचा फोटो, गुढियारीच्या आमच्या बैठकीतला. मीनल-निखिल मधे, मागे भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब, त्या तसबिरींच्या खाली, मीनलच्या बाजूला, सुमन आणि मी. नवरदेवापेक्षा मीच ताठ.

५ नोव्हें.
पौर्णिमा. पहिलं कार्ड विहारात ठेवलं. वंदना झाल्यावर रेल्वेतले जुने सोबती भोवती जमले. एकेकाचा मोबाइल धरून चौकोन कसा दाखवायचा ते शिकवलं. पार्सल ऑफिसात इतकी वर्षं घासली, पण कोणाला काही शिकवायची वेळ पहिल्यांदाच आली. भलताच मिरवलो.
वर्ध्याहून दादाचा फोन. थोरला आहे, त्याला शंका काढल्याशिवाय जेवण जात नाही.
“पोराकडचे आपलं नाव घेतात न बरोबर?”
“काहून नाही घेणार? लग्न ठरवलं त्यायनं.”
“मी नुसतं विचारून राहिलो.”
नुसतं म्हणे. चिडलो मी. निखिलकडचे मराठीच, पण आपल्यातले नाहीत, एवढंच दादाच्या डोक्यात बसलंय. ठणकावून सांगितलं, ते दिवस गेले आता.

९ नोव्हें., रवि.
निखिलचे वडील आले होते. त्यांच्या नातेवाइकांकडे कार्डं वाटत फिरत होते, वाटेत आमच्याकडे चहाला थांबले. बोलायला माणूस गोड. सुमन म्हणाली, “व्याहीबुवा, तुमच्याकडचं पण एक द्या न, जपून ठेवीन.” द्यायला जरा रेंगाळले. मला वाटलं, कमी पडत असतील.
सुमनने दोन्ही कार्डं फ्रिजवर शेजारी शेजारी लावली. रंग तोच, फुलं तीच. वेबसाइटचा पत्ता मात्र वेगळा. आमच्यावर मीनल-निखिल, त्यांच्यावर निखिल-मीनल. कार्डवाल्याने घोळ केला. उद्या झापतो त्याला.

१० नोव्हें.
गोल बाजार. दोन्ही कार्डं काउंटरवर आपटली. म्हटलं, एक छपाई धड होत नाही तुमच्याने, आता लोक दुसऱ्याच कुणाच्या लग्नाला जातील.
त्याने दोन्ही पाहिली. “अंकल, गलती नहीं है. दीदी ने ही दो बनवाए थे. एक आपके तरफ का, एक उनके तरफ का.”
“काहून?”
“वो तो दीदी जानें.”
बाजूला एक बाई पत्रिका निवडत होती, ती पाहायला लागली. सॉरी भैया म्हणून निघालो. दुकानातून बाहेर पडल्यावर आठवलं की कार्डं तिथेच राहिली. परत गेलो, घेतली.

११ नोव्हें.
उघडली ती दुसरी.
तिच्यात विहार नाही. सकाळच नाही त्या दिवसाला. आमच्या वेबसाइटवर ज्याला स्वागत समारंभ म्हटलंय, त्याच वेळी, त्याच लॉनवर इथे ‘शुभविवाह’ लिहिलंय.
वधू: मीनल, पुणे. आडनाव नाही. आमची नावं नाहीत.
त्याखाली, कन्यादान: निखिलचे मामा आणि मामी.
फोटो तोच साक्षगंधाचा. वरून आणि बाजूने कापलेला. तसबिरी गेल्या, त्यांच्या खाली उभा होतो तो मीही गेलो. सुमनचा हात तेवढा राहिलाय, मीनलच्या खांद्यावर.
मुलगी ही दान द्यायची वस्तू नाही, हे लहानपणी मीनलला मांडीवर बसवून मीच सांगितलं होतं. आता तिचं दान कोणी तिसराच करणार. मी दिलं नाही म्हणून अडलं नाही कोणाचं.

१२ नोव्हें.
सुमनला दाखवलं. तिने मोबाइल हातात घेतला नाही.
“मले माहीत होतं. मीनलनं सांगतलं होतं दिवाळीत. त्या कार्डावरून दिसन हे नाही समजलं मले.”
“मले काहून नाही सांगतलं?”
“तुमचा स्वभाव. लग्न मोडून ठेवसान.”
मग म्हणाली, “माह्यं नाव पण नाही त्याच्यावर. मी रडली काय?”
रडली असणार. मी कधी पाहिलं नाही एवढंच.

१५ नोव्हें., शनि.
मीनल आली. मी बोलावलं नव्हतं, सुमनने बोलावलं असणार. पोट्टी वाळली आहे.
मी मराठीत विचारायचं आणि तिने हिंदीत उत्तर द्यायचं, हे तिच्या हिंदी शाळेपासूनचं आहे. आजही तसंच.
“बाबा, उनके बड़े पापा नहीं मानेंगे. निखिल ने बहुत कोशिश की.” बड़े पापा म्हणजे निखिलचे थोरले काका.
“निखिल येऊन सांगेल काय मले?”
“वो शर्म के मारे नहीं आ रहा.”
“तुले नाही वाटत शरम?”
हे बोलायला नको होतं. तिने बॅग कोपऱ्यात सरकवली. मग म्हणाली, “मैंने दोनों रखा ना बाबा. सुबह अपना, शाम को उनका. किसी को छोड़ा क्या मैंने?”
“संध्याकाळी आम्ही कुठं बसायचं?”
“आइए ना. गेस्ट में.”
तिला खरंच वाटतं की तिने कोणालाच सोडलं नाही.

१६ नोव्हें., रवि.
सकाळची गाडी. स्टेशनवर सोडायला गेलो, बॅग मीच उचलली. फोटो कोणी कापला, एवढंच विचारलं. म्हणाली, “मैंने.” नंतर मराठीत म्हणाली, “हात नाही कापता आला आईचा.”
गाडी सुटली. हात हलवला मी. हलवायचा असतो म्हणून.

२२ नोव्हें.
दादाने सगळ्या घराची रिझर्वेशनं काढली. पोरं, सुना, नातवंडं. फोनवर म्हणे, “मी चुकलो गड्या. वेबसाइट पाह्यली. दोघायची नावं झकास टाकली पोट्टीनं. तुह्यंच बरोबर होतं, ते दिवस गेले.”
मी हो म्हटलं. संध्याकाळी हे सगळे नवे कपडे घालून लॉनवर जाणार, तिथे मंडपात दुसराच बाप बसलेला पाहणार.
लग्नच थांबवावं, असंही मनात येऊन गेलं. म्हणजे सुमन म्हणते तेच खरं करायचं. नको. पोट्टीचा जीव आहे त्याच्यावर, आणि पोरगाही वाईट नाही. नुसता पुचाट आहे.

२५ नोव्हें.
सुमन कार्डं वाटतेच आहे. आज पूर्ण पारा, आपला सगळा मोहल्ला, संपवून आली. “लोक विचारते, तुमच्या घरचे काहून नाही आले सोबत?”
म्हटलं, सांग गुडघे दुखतात.
दुखतातही.

३० नोव्हें., रवि.
दुपार. सुमन विहारात, महिला मंडळाची बैठक आहे. घरी मी एकटा.
ती दुसरी वेबसाइट उघडली. रोजच उघडतो, इथे काय लपवायचं. आमची नावं आली असतील असं वाटतं. आली नाहीत.
खाली सगळ्यात शेवटी आहे, येणार असाल तर आपलं नाव टाका. आजवर तिथवर गेलो नव्हतो. टाकलं. माझं, वडलांचं, आडनाव, सगळं. वधूपक्षाकडून असं निवडायची सोय नाही, म्हणून नुसतं ‘परिवार’ निवडलं.
गोल गोल फिरलं जरा वेळ. मग आलं, यह नाम अतिथि सूची में नहीं है. कृपया इस नंबर पर संपर्क करें.
गेस्टमध्ये बसा म्हणाली होती. त्याच्यातही आमची नावं टाकायची राहिली. विसरली असेल. कामं काय कमी आहेत तिला.
खालचा नंबर मीनलचा. कॉलेजात गेली तेव्हा मीच घेऊन दिला होता, सिम अजून माझ्याच नावावर आहे. दाबलं की लागेल. “हाँ बाबा” म्हणेल. पुढे मी काय विचारू?
मोबाइल घेऊन बसलो आहे. सुमन यायची वेळ झाली.