बाटलीतलं गोडं पाणी

अण्णा, आज मी जेलीफिश खाल्ला. इकडे परदेशात डॉक्टरांच्या परिषदेत जेवायला होता. मिठात मुरवलेला, बारीक चिरलेला, वरून तीळ. काकडीसारखा कुरकुरीत लागला. पण दुसरा घास मी तसाच ठेवून दिला. तुमची पोटरी दिसायला लागली. तुम्हाला जाऊन सतरा वर्षं झाली, तरी हे लिहायला बसले.

भूकंपानंतर तुमचा भिंतींवरचा भरवसा उडाला होता. ‘भिंती पडतेत, शिक्शन पडत न्हाई,’ म्हणत तुम्ही मला देवणीहून लातूरला क्लासला ठेवलंत, आणि बारावीची परीक्षा संपल्यावर समुद्र दाखवायला कोकणात नेलंत. आपण दोघांनीही तो तेव्हाच पहिल्यांदा पाहिला. पायजमा गुडघ्यापर्यंत दुमडून तुम्ही पाण्यात शिरता आणि दोन मिनिटांत लंगडत बाहेर येऊन वाळूत बसता. पोटरीला काचेसारखे दोरे चिकटलेले. ‘इंचू चावल्यावानी जळायलंय गं.’ गावात कुणाला विंचू चावला की तुम्ही गार पाण्याची धार धरायचात, म्हणून मीही पिण्याच्या पाण्याची बाटली उघडते आणि ओतते. लाल वळ उठतात, तुम्हाला धाप लागते.

‘बरं वाटायलंय का, अण्णा?’

‘हाव. वत तू.’

ओठ मात्र पांढरे पडलेले. तेवढ्यात एक कोळीण धावत आली आणि तिनं माझ्या हातातली रिकामी होत आलेली बाटली हिसकावली. गोड्या पाण्यानं विष आणखी सुटतं, म्हणून ओरडली. समुद्राचंच पाणी घातलं, चोळू दिलं नाही, शिंपल्याच्या कडेनं एकेक दोरा उचलला आणि घरी नेऊन सोसेल तितक्या गरम पाण्यात तुमचा पाय ठेवला. दुपार टळेपर्यंत मी तुमच्या छातीवरची नजर काढली नाही. मी फार घाबरले होते.

गावात मात्र तुम्ही भेटेल त्याला सांगत सुटलात, ‘पोरगी संगं व्हती म्हनून वाचलो.’ मी मान खाली घालून ऐकायची. लोकांना तो विनय वाटायचा.

डंखाच्या पेशी गोड्या पाण्यानं फुटतात, हे क्लासमध्ये सरांनी शिकवलं होतं. बाटली अर्धी झाली तेव्हाच मला ते आठवलं होतं, अण्णा. पण डॉक्टरकडे बघावं तसं तुम्ही माझ्याकडे बघत होता, म्हणून मी उरलेलं पाणीही ओतलं.