बंद खोलीचे मूल्यांकन

दि. ३ मार्च

ती. स्व. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

माझी प्रकृती ठीक आहे. बँकेने घराचा लिलाव या महिन्याच्या एकवीस तारखेस पुकारला आहे, हे कळविण्यासाठी हे पत्र. हिच्या मातीकामाच्या भट्टीकरिता आम्ही घर तारण ठेवले होते, हे तुला ठाऊक आहे. ही गेल्यावर भांडी घडणे थांबले आणि हप्तेही थांबले. त्यात बँकेचा दोष नाही.

वकीलबाईंनी मात्र नोटिशीतील एक गोष्ट पकडली. मूल्यांकनासाठी आलेल्या गृहस्थांनी मागची मोठी खोली, म्हणजे हिची कामाची खोली, पाहिलीच नाही. ‘अडगळ’ असे लिहून त्यांनी घराची किंमत निम्म्यावर आणली. ती खोली त्यांना मीच उघडून दिली नव्हती. या मुद्द्यावर लिलावास स्थगिती मिळू शकेल. परंतु खोली उघडावी लागेल, असे बाई म्हणतात. विचार करून सांगतो, असे मी म्हणालो. तो विचार लिलावाआधी संपेल का, असे त्यांनी विचारले.

लोभ पूर्वीइतकाच असावा; अधिक मागण्याचा मला हक्क नाही.

तुझा धाकटा भाऊ


दि. ८ मार्च

चि. पंतोजीस,
अ. उ. आ.

घर जायची वेळ आली तरी तुझी आपली प्रकृती ठीकच! स्वतःच्या घराची किंमत स्वतःच पाडणारा माणूस आपण पहिल्यांदाच पाहिला, असे आमचे हे म्हणाले. मी त्यांना दटावले, पण खरे सांगते, हसू मलाही आले.

अरे, तू खोली उघडली नाहीस, तर घर विकत घेणारा परका माणूस ती उघडेल आणि माझ्या भावजयीचे चाक फुटपाथवर आणून ठेवील. ते तुला चालणार आहे का? तिने तुला आत्ता काय सुनावले असते, ते मी लिहीत नाही. तुला ऐकू येत असेलच. वकीलबाईंना मुकाट्याने हो म्हण.

जेवत जा. माया आहे, म्हणूनच बोलते.

तुझी ताई


दि. १८ मार्च

ती. स्व. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

मी हो म्हणालो. काल सुनावणी झाली. खोली बंद का होती, असे न्यायाधीशांनी विचारले. किल्ली सापडत नव्हती, असे वकीलबाईंनी सांगितले. मी उभा राहून, किल्ली त्या वेळी माझ्या खिशातच होती, आताही आहे, असे निवेदन केले. बाईंनी डोक्याला हात लावला. मग न्यायाधीशांनी लिलावास स्थगिती दिली आणि फेरमूल्यांकनाचा आदेश केला. एकही खोली बंद राहिल्यास स्थगिती उठेल, ही अट त्यांनी माझ्याकडे पाहूनच सांगितली.

आशीर्वाद असू द्यावेत.

तुझा धाकटा भाऊ


दि. २६ एप्रिल

ती. स्व. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

खोली उघडली. नवे मूल्यांकनकार दोन तास आत होते. मी दारात उभा राहिलो. पोत्याखालचा मातीचा गोळा दगडासारखा झाला आहे. फळ्यांवर न भाजलेली भांडी तशीच आहेत. एक हातात घेऊ का, असे त्यांनी विचारले. मी नको म्हणालो. त्यांनी नुसते मोजमाप घेतले.

नवी किंमत कर्जाच्या दुपटीहून अधिक आली. बँक तडजोडीस तयार झाली. न्यायालयाने लिलाव रद्द करून हप्ते बांधून दिले. घर राहिले. ते हप्ते फेडण्यासाठी मात्र भट्टी विकून खोली भाड्याने द्यावी लागेल.

भट्टी एका कुंभारकाम शिकविणाऱ्या बाईंनी घेतली आहे. फळ्यांवरची भांडी पाहून, नेण्याआधी ही भांडी भाजायला भट्टी एकदा इथेच पेटवते, असे त्या आपण होऊन म्हणाल्या. शनिवारी भांडी आत रचतील. निवायला वेळ लागतो. सोमवारी सकाळी भट्टी उघडायची आहे.

कच्च्या भांड्यांपैकी काही आत तडकतात, असे त्या म्हणाल्या. किती, ते आधी सांगता येत नाही. मला ते एकट्याने पाहणे जमेल असे वाटत नाही. रविवारी रात्रीपर्यंत येशील का?

तुझा धाकटा भाऊ